हात लावण्याआधीची हाक

श्री. अनंत राऊळ यांची आणि माझी पहिली भेट चौदा वर्षांपूर्वी नोकरीच्या मुलाखतीत झाली, आणि त्या मुलाखतीत त्यांनी मला संगणकाबद्दल एकही प्रश्न विचारला नाही. आमची शेअर दलालीची पेढी फणसवाडीच्या तोंडाशी एका जुन्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर आहे. प्रभादेवीहून तिथं पोचायला अर्धा तास पुरतो, पण उशीर होईल या धास्तीनं मी दोन तास आधी निघाले होते. उरलेला वेळ मी जिन्यात उभी राहून प्रमाणपत्रं मोजण्यात घालवला. जाड भिंगांचा चष्मा लावलेले एक गृहस्थ माझ्या शेजारून दोनदा वर-खाली करून गेले, ते मला आठवत होतं. आत गेले तर टेबलामागं तेच बसलेले.

"किती आहेत?" त्यांनी विचारलं.

"काय, सर?"

"प्रमाणपत्रं. मघापासून मोजताय."

"सात," मी म्हटलं.

"मधे कधी कमी झाली का?"

पुढचा प्रश्न आणखी विचित्र होता. "घरातून निघालात की गॅस बंद केला का ते बघायला परत जाता?" खोटं बोलायला सवड मिळाली नाही. "जाते. कधीकधी दोनदा," मी सांगून टाकलं. सरांनी माझा अर्ज मिटला आणि म्हणाले, "मग आमच्या कामाला तुम्ही बऱ्या. सोमवारपासून या." घरी मला 'काळजीवाहू सरकार' म्हणून चिडवतात. त्या स्वभावाची कुणाला गरज असू शकते, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं.

राऊळ सरांच्या साठीनिमित्त निघणाऱ्या या ग्रंथासाठी लिहा, असं समितीचं पत्र आलं तेव्हा त्यात एक सूचना होती. कार्य, मूल्यं आणि वैयक्तिक आठवणी या क्रमानं लिहावं आणि लेखाचा सूर आनंदी असावा. क्रम मी जमेल तितका पाळीन. सुराची हमी मात्र देता येत नाही. रविवारी दादरच्या सभागृहात सरांचा सत्कार आहे आणि लगेच पुढच्या गुरुवारी परळच्या रुग्णालयात त्यांच्या उजव्या डोळ्याची शस्त्रक्रिया आहे. सरांना काचबिंदू आहे. डॉक्टरांनी स्वच्छ सांगितलंय की गेलेली दृष्टी परत येणार नाही, उरलेली राखायची आहे. डावा डोळा जवळपास गेलेलाच आहे. म्हणजे जे काही आहे ते उजव्यात, आणि उजव्यालाच गुरुवारी हात लागणार आहे. हे डोक्यात ठेवून आनंदी लिहिणं मला जमत नाही, वाचकांनी सांभाळून घ्यावं.

आता कार्य. सरांचं काम नेमकं काय, हे बाहेरच्यांना सांगताना माझी नेहमी पंचाईत होते. आमच्या पेढीत डीलर मंडळी गिऱ्हाइकांच्या वतीनं शेअरची खरेदी-विक्री करतात. त्यांच्या संगणकावर एक मोठा प्रोग्रॅम असतो. त्यात भाव पळत असतात, आलेख दिसतो, ऑर्डर टाकायची खिडकी उघडते. वरून हे सगळं एकसंध दिसतं. पोटात मात्र अनेक लहान-लहान फाईली असतात आणि त्यातल्या काही सामायिक असतात. आम्ही त्यांना लायब्ररी फाईली म्हणतो, कुणी डीएलएल म्हणतं. ऑर्डरची खिडकी जी फाईल वापरते तीच आलेखाचा दुसऱ्या कंपनीचा प्रोग्रॅमही वापरतो, आणि अहवाल काढणारा तिसराही. गंमत अशी की प्रत्येक प्रोग्रॅम बसवताना आपापली आवृत्ती घेऊन येतो आणि आधीची बाजूला सारून स्वतः तिथं बसतो. मग ज्या प्रोग्रॅमला कुणी बोटही लावलेलं नसतं, तो सकाळी उघडायलाच नकार देतो. बाजार सव्वानऊला उघडतो, तो कुणासाठी थांबत नाही. या फाईली कुठल्या संगणकावर कुठल्या आवृत्तीच्या आहेत, कोण कुणाशी पटवून घेतं, कोण घेत नाही, हे सांभाळण्याचं काम सरांनी पंचवीसएक वर्षं केलं. त्यांचं काम नीट झालं की काहीच होत नसे. त्यामुळं ते कधी कुणाला दिसलं नाही.

सरांची काम करण्याची एक रीत होती, आणि तिच्याबद्दल लिहायलाच मी हा लेख घेतला. सामायिक फाईल बदलण्याआधी सर खोलीच्या मध्यभागी उभे राहत आणि मोठ्यानं म्हणत, "हात लावतोय!" मग थांबत. प्रत्येक टेबलावरून "हो" आल्याशिवाय ते जागचे हलत नसत. एखादा फोनवर असला तर त्याचा फोन संपेपर्यंत थांबत. मला पहिल्या आठवड्यात हे सगळं नाटकी वाटलं होतं. एकदा डबा खाताना मी विचारलंच.

सरांचे वडील परळच्या एका गिरणीत फिटर होते. जुन्या खात्यात छताखालून एक लांब लोखंडी दांडा, म्हणजे शाफ्ट, फिरायचा आणि त्याच्यावरून पट्ट्यांनी ओळीनं माग चालायचे. शाफ्टची दुरुस्ती झाली की तो पुन्हा सुरू करण्याआधी वडील ओरडायचे, "हात काढा!" आणि प्रत्येक मागावरून "हो" येण्याची वाट बघायचे. "एकदा दुसऱ्या पाळीच्या फिटरने घाई केली," सर म्हणाले. "ओळीतल्या शेवटच्या मागावर एक जण पट्टा बसवत होता. त्याची तीन बोटं गेली. आमच्याच चाळीत राहायचा तो. आम्ही मुलं त्याच्या हाताकडे बघायचो आणि बाबा दुसरीकडे बघायचे. आपली फाईलही तसलीच बघा. फिरवणारा इथे उभा, आणि बोटं कुणाची आत आहेत ते त्याला दिसत नाही."

दुसरी रीत वहीची. प्रत्येक सामायिक फाईलला सरांच्या लांब वहीत एक पान होतं. फाईल बदलली की दोघांनी बसायचं. एकानं पडद्यावरचा आवृत्तीचा आकडा मोठ्यानं वाचायचा, दुसऱ्यानं वहीत बघून "हो" म्हणायचं आणि खूण करायची. वाचणारे नेहमी सर, खूण करणारी मी. जुनी फाईल कधी पुसायची नाही, तिला वेगळ्या कपाटात ठेवायचं. ते कपाट म्हणजे संगणकातलाच एक फोल्डर, पण सर त्याला कपाटच म्हणत.

माझी चूक या दोन्ही रीती मोडून झाली. नोकरीला तीन महिने झाले होते. एका नव्या संगणकावर मला ऑर्डरच्या खिडकीची फाईल ताजी दिसली आणि डीलरांच्या संगणकांवर तीच फाईल फार जुनी. मला वाटलं, नवं ते चांगलं, सगळ्यांचं भलं करून टाकावं. संध्याकाळी मंडळी निघत असताना मी ती ताजी फाईल सगळ्या संगणकांवर घातली. कुणाला विचारलं नाही, हाक मारली नाही. उलट उद्या सर शाबासकी देतील म्हणून खुशीत घरी गेले.

सकाळी नऊला एकाही संगणकावर ऑर्डरची खिडकी उघडेना. आमचे मुख्य डीलर तावडे खुर्चीवरून उठून ओरडत होते, "अरे काय चाललंय काय! विंडोच ओपन नाय होत ए! पार्टी लाइनवर आहे माझी!" सर खोलीत आले आणि म्हणाले, "काल कुणी हात लावला?" एक मिनिट गेलं, दोन गेली, पाच झाली, सगळे एकमेकांकडे बघत होते आणि मी कीबोर्डकडे. शेवटी मी सरांजवळ जाऊन हळूच म्हटलं, "सर, मी." ते तेवढ्याच हळू म्हणाले, "मला नका सांगू. खोलीला सांगा."

मी मध्यभागी उभी राहिले. म्हटलं, "काल मी हात लावला. हाक मारली नाही. चूक माझी आहे." तावडे आता काय बोलतील या भीतीनं मी डोळेच मिटले. ते म्हणाले, "हो. चला आता, लावा लवकर." एवढंच. मग बाकीच्या टेबलांवरून एकेक "हो" आला. सरांनी कपाटातून जुनी फाईल काढली, आकडा वाचला, मी खूण केली आणि बाजार उघडण्याआधी खिडक्या उघडल्या. दुपारी सर मला म्हणाले, "चूक होते, त्याचं काही नाही. ती पाच मिनिटं तू गप्प राहिलीस ना, तेवढीच वाईट." त्या दिवसापासून त्यांनी मला 'तुम्ही' म्हणणं सोडलं.

वैयक्तिक आठवणी सांगायच्या तर एकच सांगते. माझी आई परळला रुग्णालयात होती तेव्हा सर रोज दुपारी लालबागच्या घरून पेजेचा डबा घेऊन यायचे. पहिल्याच दिवशी त्यांनी उशाजवळच्या औषधांचा ढीग पाहिला, डॉक्टरांची चिठ्ठी स्वतः हातात घेतली आणि म्हणाले, "मी वाचतो, तू खूण कर." आई अंथरुणातून हसायला लागली. आठ दिवस तिला हसू येईल असं दुसरं काही घडलं नव्हतं. आई बरी होऊन घरी आली आणि आजही तिच्या गोळ्या आम्ही तशाच मोजतो.

आता मला जे लिहायचंय ते समितीच्या कुठल्याच कप्प्यात बसत नाही.

गेल्या वर्षी एके सकाळी वही उघडताना सर म्हणाले, "आजपासून तू वाच, मी खूण करतो." तेरा वर्षांत पहिल्यांदा. मला वाटलं, सरांनी मला आपल्या बरोबरीला बसवलं. घरी जाताना मी बर्फी घेऊन गेले आणि सगळ्यांना वाटली. त्या बर्फीची आठवण आजही नको वाटते.

पुढं पुढं माझ्या एकेक गोष्ट लक्षात यायला लागली. सर वहीचं पान नीट उलटण्याआधीच "हो" म्हणत. सगळे आकडे त्यांना पाठ होते, खूण ते अंदाजानं करत आणि कधीकधी ती शेजारच्या ओळीत पडे. चहाचा कप टेबलावर ठेवण्याआधी ते कडेवरून बोट फिरवत. जिना उतरताना भिंतीला हात असे. एकदा तावडे त्यांच्या डावीकडून नमस्कार करत गेले आणि सरांनी पाहिलंच नाही. तावडे म्हणाले, "साहेब रागावलेत वाटतं." मी म्हटलं, "कामात असतील." मी, जी गॅस दोनदा बघून येते, ती हे सगळं आठ महिने बघत राहिले आणि एक शब्द बोलले नाही. वडीलधाऱ्या माणसाला असं कसं विचारायचं, त्यांना कमीपणा वाटेल, चष्म्याचा नंबर वाढला असेल, अशी कारणं मी स्वतःला देत होते. खरं सांगायचं तर मला भीती वाटत होती. एकदा बोललं की ते खरं होईल, असं काहीतरी.

यंदा मार्चमधल्या एका सकाळी आईच्या रक्ततपासणीसाठी मी उशिरा येण्याची परवानगी घेतली होती. तपासणी लवकर आटोपली आणि चैन पडेना म्हणून मी थेट पेढीवर आले. नऊ वाजून तीन मिनिटं झाली होती. खोलीत शुकशुकाट होता. सव्वानऊच्या आधी आमच्याकडे कधी शुकशुकाट नसतो. सर मध्यभागी उभे होते.

"मंडळी," ते म्हणाले, "मघाशी मी हात लावला. तुम्ही सगळ्यांनी हो म्हटलंत. पण वाचायला मी कुणाला बोलावलं नाही, एकट्याने केलं. चुकीची फाईल गेली. शेवटचा आकडा तीन होता की आठ, ते मला कळलं नाही. मला नीट दिसत नाही. बरेच महिने झाले. सांगायला हवं होतं, सांगितलं नाही. चूक माझी आहे."

पडद्यांवर भाव येत होते आणि एकही ऑर्डरची खिडकी उघडी नव्हती. तावडेंचे दोन्ही फोन वाजत होते. एरवी अशा वेळी तावडे कुणाचा उद्धार करतील सांगता येत नाही. त्यांनी कानावरचा हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि उभे राहिले.

"हो, सर," ते म्हणाले.

मग खिडकीजवळच्या टेबलावरून "हो." मग कोपऱ्यातून. एकेक करत सगळ्यांचे आले, आणि सर प्रत्येक आवाजाकडे मान वळवत होते. शेवटचा "हो" आल्यावर त्यांनी विचारलं, "सुजाता आली का?"

मी त्यांच्यासमोर चार पावलांवर उभी होते.

"आलेय, सर," मी म्हटलं. "मग वाच." मी कपाट उघडलं आणि आकडे वाचत गेले. सर डोळे मिटून उभे होते. "ही नको. हीसुद्धा नको. पुढची... हो, हीच. घाल." नऊ तेराला तावडेंची खिडकी उघडली. कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत, सगळ्यांनी फोन उचलले.

मालकांनी सरांना आत बोलावून सांगितलं की ही गोष्ट पेढीबाहेर जाणार नाही, राऊळ, तुम्ही नुसते खुर्चीत बसून राहा, सुजाता बघेल सगळं. सर म्हणाले, "खुर्चीत बसणाऱ्याला दिसायला पाहिजे, साहेब." त्याच आठवड्यात त्यांनी वही माझ्या टेबलावर आणून ठेवली आणि दुसऱ्या दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेले. तपासण्या झाल्या, थेंब सुरू झाले, थेंबांनी भागेना, म्हणून आता शस्त्रक्रिया. डॉक्टरांनी त्यांना विचारलं होतं, आधी का आला नाहीत? ही वही आणि आमच्या खिडक्या हेच त्याचं उत्तर असणार. आणि मीही असणार, कारण मी तेव्हा विचारलं असतं तर आठ महिने वाचले असते. आठ महिन्यांत किती दृष्टी गेली ते मी डॉक्टरांना विचारलं नाही. धीर झाला नाही.

सरांना हा ग्रंथ स्वतः वाचता येणार नाही, म्हणून काल मी इथवरचा लेख घेऊन लालबागला गेले. सरांच्या पत्नी, म्हणजे आमच्या काकू, यांनी दार उघडलं आणि त्या आत वळून म्हणाल्या, "सुजाता इली हा." मग मला हळूच म्हणाल्या, "तूच काय ता समजाव गो ह्यांका. गुरुवारचा नाव काढला काय गप बसतत." सर खिडकीशी बसले होते. मी म्हटलं, "सर, मी वाचते, तुम्ही खूण करा." ते हसले आणि त्यांनी खुर्ची माझ्याजवळ ओढली.

प्रत्येक परिच्छेदाला ते "हो" म्हणत गेले. प्रमाणपत्रांशी हसले. वडिलांच्या शाफ्टशी जरा थांबले. एके ठिकाणी म्हणाले, "तावडेंची एक पार्टी नव्हती, दोन पार्ट्या होत्या लाइनवर." मग बर्फीचं आलं, जिन्याचं आलं, आणि मी वाचलं की मी हे सगळं आठ महिने बघत राहिले आणि एक शब्द बोलले नाही. तिथं मी थांबले. "हो" आल्याशिवाय पुढं जायचं नाही, हे त्यांनीच शिकवलंय. काकू स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. हातातला कागद मी मांडीवर ठेवला.

"हो," सर म्हणाले. मग थोड्या वेळानं, "पुढचं वाच."

उरलेलं मी वाचून संपवलं. शेवट तेवढा लिहिलेला नव्हता, तो आता लिहिते. सरांनी पुष्कळ वर्षं जगावं, धडधाकट राहावं, हा ग्रंथ एक दिवस स्वतः उजेडात धरून वाचावा आणि माझ्या लेखातल्या चुकांवर खुणा कराव्यात, अगदी शेजारच्या ओळीत पडल्या तरी चालतील. रविवारी दादरला सत्काराआधी हा ग्रंथ तुमच्या हातात पडेल, आणि सत्कार झाल्यावर मी दोन मिनिटं मागून घेतली आहेत. तेव्हा मी सभागृहाच्या मध्यभागी उभी राहून हाक मारणार आहे: गुरुवारी सकाळी आपल्या सरांच्या डोळ्याला हात लागतोय! आलेल्या प्रत्येकानं, मागच्या रांगेतल्यानंसुद्धा, मोठ्यानं "हो" म्हणायचं आहे. सरांना तुमचे चेहरे दिसणार नाहीत, त्यांना आवाजच ऐकू येतील. एकही कमी पडता कामा नये. मी मोजणार आहे.